पाणंदीतला शिमगा

काजूच्या बोंडांचा आंबूस, डोक्यात चढणारा वास परसातून घरात शिरला की माझ्या उजव्या हाताला घाम सुटतो. फक्त उजव्या. डॉक्टरांनी साखर तपासली, रक्तदाब तपासला आणि शेवटी वयाचा दोष म्हणून सोडून दिलं. दोष वयाचा नाही. तो सही करायचा हात आहे, आणि फाल्गुन आला की त्याला सगळं आठवतं.

यंदाही फाल्गुन आला. कलमांवर सुपारीएवढ्या कैऱ्या धरल्यात, विहिरीचं पाणी दोन पायऱ्या खाली गेलंय, आणि दुपारी वारा फिरला की समुद्राकडून सुक्या मासळीचा वास आणि डोंगराकडून शेतं भाजल्याचा धूर, दोघेही एकाच वेळी ओटीवर येऊन बसतात. सुलभाने, म्हणजे माझ्या बायकोने, गेल्या आठवड्यात कोवळ्या फणसाची भाजी केली होती. पूर्वी ह्या भाजीची मी वर्षभर वाट बघायचो. ह्या खेपेला दोन घास खाल्ले आणि ताट बाजूला सारलं, कारण देवळाकडे ढोलाची तालीम सुरू झाली होती. तिने ते उचललं. ढोल तिलाही ऐकू येतो.

घाटावरच्या मित्रांना शिमगा म्हटलं की एका रात्रीची होळी आणि दुसऱ्या दिवशीचा रंग एवढंच दिसतं. आमच्याकडे आंब्याचा एक अख्खा सोट, सबंध सरळ बुंधा, देवळापुढे उभा राहतो आणि त्याच्या दुसऱ्या दिवसापासून रोंबाट निघतं. रोंबाट म्हणजे ढोल, ताशे, तोंडाला रंग फासलेली सोंगं आणि त्यांच्यामागे अर्धा गाव. घरोघर जायचं, दारात नाचायचं, "शबय, शबय" ओरडून मागायचं; घरवाल्याने नारळ द्यायचा, गूळ द्यायचा. आणि ज्याचं दार त्याचं गाणं. कोणाची सून रुसून माहेरी गेली, कोणी शेजाऱ्याच्या माडावरचे नारळ उतरवले, कोणत्या मास्तरांनी शाळेचे पत्रे आपल्या गोठ्यावर घातले, सगळं तालासुरात चव्हाट्यावर. ज्याच्यावर गाणं त्याने दारात उभं राहून हसायचं. रागावेल तो वेडा. वर्षभर पोटात साठलेलं पाच दिवसांत ओठांवर येतं, आणि सहाव्या दिवशी सगळे पुन्हा एकमेकांच्या ओटीवर चहा प्यायला बसतात.

मी वकील. पुढे नगरसेवक झालो, मग नगराध्यक्ष. शहराचं नाव सांगत नाही. मालवणच्या किनाऱ्याला लागून असलेलं, कागदोपत्री शहर आणि बाकी सगळ्या बाबतीत गाव. सावंतवाडीला एका ज्येष्ठ वकिलांच्या हाताखाली तीन वर्षं काढून मी इथे आलो तेव्हा माझ्याकडे एक काळा कोट, एक टाइपरायटर आणि नवी बायको एवढीच संपत्ती होती. भाड्याचं घर मिळालं ते बाजाराच्या मागच्या अंगाला, एका पाणंदीच्या तोंडावर. पाणंद म्हणजे दोन गडग्यांमधली, दगडी कुंपणांमधली, अरुंद वाट. ही आमच्या दारापासून निघून, दोन वळणं घेऊन थेट समुद्रावर खालच्या वाडीत उतरायची. पहाटे मासळीच्या पाट्या डोक्यावर घेऊन बायका ह्याच वाटेने वर यायच्या. त्यांच्या पाट्यांतून गळणारं खारं पाणी माझ्या पायरीवर पडायचं, आणि सुलभा रोज सकाळी पायरी धुताना त्यांच्या नावाने बोटं मोडायची. आज तिला विचारा. ती म्हणेल, पडूंदे ता पानी, कोणीतरी येवंदे.

पहिला मोठा दावा त्या पाणंदीनेच दिला. पाणंदीच्या दोन्ही अंगांची जमीन एका बागवाल्याची होती. त्याने एका उन्हाळ्यात चिरे आणून वाटेच्या मधोमध आडवा गडगा घातला. वाडीचा समुद्र आणि वाडीचा बाजार ह्यांच्यामध्ये दहा चिऱ्यांची भिंत. वाडीतली माणसं माझ्या ओटीवर आली, कारण मी सगळ्यांत जवळचा वकील होतो. गुणवत्तेचा प्रश्नच नव्हता. त्यांच्यातला बोलका म्हणजे बाबल सुतार. होड्यांची कामं करायचा, कानावर नेहमी पेन्सिल, आणि रोंबाटातली गाणी तोच रचायचा.

"कागद काय आसा?" मी विचारलं.

"कागद कसलो, वकिलानू? वाट आसा."

कागद नव्हताच. नकाशात पाणंद दाखवलेली नव्हती. उरली वहिवाट: ह्या वाटेने माणसं किती काळ, कोणाच्याही परवानगीशिवाय, हक्काने चालत आली ते सिद्ध करायचं. रोजचं चालणं हा बागवाल्याचा मेहेरबानीचा भाग ठरवता आला असता. पण देव कोणाच्या मेहेरबानीने चालत नाही. दरवर्षी शिमग्याच्या शेवटच्या दिवशी रोंबाट देवाचं निशाण घेऊन ह्याच पाणंदीने समुद्रावर उतरायचं. ते मी धरलं. मी बाबलला साक्षीला उभा केला आणि विचारलं, रोंबाटाची वाट तुला कशी माहीत?

"गान्यात आसा."

"कोर्टाला सांग."

आणि बाबल गायला. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात, कठड्यावर बोटांनी ताल धरून.

पयला दार सुताराचा, फणस दारात,
दुसरा दार म्हातारेचा, मांजर घरात,
तिसऱ्या दाराक गडगो नाय, वाट जाता खंय?
वाट जाता दर्याक, बाबा, वाट जाता थंय!

समोरच्या वकिलांनी हरकत घेतली, गाणं हा पुरावा नव्हे. न्यायाधीश घाटावरचे होते, नवीनच बदलून आलेले. त्यांनी गाणं दोनदा म्हणायला लावलं आणि शिरस्तेदाराला अर्थ विचारून लिहून घेतलं. मग वाडीतली तीन म्हातारी माणसं आली. तिघांनाही तेच गाणं येत होतं, त्यांनी ते आपल्या आजोबांच्या तोंडून ऐकलं होतं, आणि तिघांच्याही गाण्यात तिसऱ्या दाराला गडगा नव्हता. मनाई हुकूम मिळाला. महिनाभरात बागवाल्याने मुकाट्याने चिरे उचलले, आणि दावा आपसात मिटला. कायमचा निकाल असा कागदावर आला नाही. मला वाटलं, चालती वाट आहे, तिला कागद कशाला? तरुण होतो, आणि चहूकडून वाहवा होत होती.

त्या वर्षीचा शिमगा मी मरेपर्यंत विसरणार नाही. रोंबाट आमच्या दारात आलं आणि सगळ्यांत पुढे एक सोंग, काळ्या गोणपाटाचा कोट घातलेलं, गळ्यात केळीच्या पांढऱ्या सोपटाचा बँड, हातात माडाच्या झावळीच्या रुंद पिड्याचं कायद्याचं पुस्तक. ते मी होतो. बाबलने माझ्याकडे बोट दाखवून सुरू केलं:

वकील इलो, वकील इलो, काळो कोट घालून,
उनात उभो ऱ्हवलो तर जातलो इतळून!

सुलभा हसून हसून दाराच्या चौकटीला टेकली. मी हसत होतो आणि माझे डोळे भरून आले होते. ज्यांच्यावर गाणी झाली ती माणसं गावची, आणि आजवर मी फक्त भाडेकरू होतो. मी नारळ दिला, गुळाची ढेप दिली, सुलभाने आपल्या हाताने सोंगाच्या कपाळाला कुंकू लावलं. मग त्यांच्याबरोबर मीही पाणंदीत उतरलो. एका वळणावर बाबलने हात वर केला आणि ढोल थांबला. ताशा थांबला, सोंगांनी डोक्यावरचे टोप काढून हातात घेतले, आणि सगळे मान खाली घालून एका घरापुढून चालत गेले. वाळलेल्या पानांवर पायांचा आवाज तेवढा. वीसेक पावलं गेल्यावर ढोल पुन्हा सुरू झाला. मी बाबलला विचारलं, काय झालं?

"थंय सुतक आसा," तो म्हणाला. "मेलेल्याच्या घराकडे गाना म्हणूचा नाय."

केवढं शहाणपण, मला वाटलं. ज्यांना कसलीच भीड नाही असं आपण समजतो, ते किती राखून असतात.

राजकारणात मी आपण होऊन गेलो नाही, असं सगळेच राजकारणी सांगतात, मीही सांगतो. वाडीने उभं केलं. पहिल्यांदा नगरसेवक, दुसऱ्यांदा नगराध्यक्ष. आणि दरवर्षी शिमगा दारात यायचा. नळाक येता वारो, गटाराक येता पानी, अध्यक्ष आमचो शाणो, सांगता रोज कहानी. मी हसायचो आणि दुसऱ्या दिवशी सकाळी नगरपालिकेत जाऊन आधी ते गटार मोकळं करायला लावायचो. बाकीच्या तक्रारी अर्जाने यायच्या, आवक क्रमांक घ्यायच्या आणि कपाटात झोपायच्या. गाण्यातली तक्रार कपाटात ठेवता येत नाही. मुलं ती शाळेत जाताना म्हणतात. चार-पाच वर्षं शहराचा कारभार मी शिमग्याच्या गाण्यांवर केला असं म्हटलं तर ते फार खोटं होणार नाही, आणि ती वर्षं बरी होती. तेवढीच बरी होती.

मग काय झालं, हे मी स्वतःला हजार वेळा विचारलंय. खुर्ची चढते म्हणतात, पण ती दारूसारखी एकदम चढत नाही. रोज सकाळी कोणीतरी बूट काढून आत येतं, साहेब म्हणतं, तुम्ही होतात म्हणून झालं म्हणतं. प्रत्येक उद्घाटनाला आपल्या गळ्यात झेंडूची माळ. कोनशिलेवर आपलं नाव कोरलेलं. वर्षाचे तीनशे साठ दिवस स्तुती ऐकली की उरलेले पाच दिवस कानाला टोचायला लागतात. हे मला तेव्हा कळलं नाही. मला वाटायचं, गाणी बिघडलीत.

त्या सुमारास बागवाल्याच्या मुलांनी जमीन विकली. नवा मालक बाहेरचा, हॉटेल बांधणारा. तो मला भेटायला आला, माझ्या ओटीवर बसून चहा प्यायला, आणि किनारा कसा सुंदर करता येईल ह्याची रंगीत चित्रं दाखवून गेला. चित्रांत पाणंदीच्या जागी हिरवळ होती. मी होय म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही. "बघूया," म्हटलं. आमच्या धंद्यात बघूया ह्या शब्दाला काही वजन नसतं. पण तो चहा वाडीने बघितला होता.

त्या फाल्गुनातही हाच वास होता. संध्याकाळचं ऊन पायरीवर आलं होतं, माझ्या ओटीवर त्या दिवशी नेमके जिल्ह्याचे दोन पुढारी बसलेले, आणि रोंबाट आलं. पुढे सोंग माझंच होतं, पण ह्या खेपेला त्याला दोन तोंडं होती, एक पुढे, एक मागे.

वकिलान पाणंद राखली, अध्यक्षान इकली,
एकाच मानसाची, बाबा, दोन तोंडा दिसली!

पुढारी हसले. हसायलाच हवं होतं, शिमगा होता. मी नाही हसलो. गाणं खोटं होतं. मी काही विकलं नव्हतं, एका कागदावरही सही केलेली नव्हती. मी नारळ आतच ठेवला आणि दार लावून घेतलं. बाहेर ढोल थोडा वेळ वाजत राहिला, मग अडखळला, मग पुढे गेला. शिमग्यात कोणी दार लावल्याचं मी तोवर पाहिलं नव्हतं, ऐकलंही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी टाइपरायटर काढला. सुलभा समोर येऊन उभी राहिली.

"काय करतास?"

"नोटीस. बदनामीची. बाबलाक आनि त्याच्या चार जनांक."

"शिमग्यातल्या गान्यार?" तिने कपाळाला हात लावला. "अहो, शिमग्याची बोंब शिमग्यात ऱ्हवता. कागदार घेतलात तर ती वर्सभर ऱ्हवतली."

मी तिला म्हटलं, तुला कायद्यातलं काही कळत नाही. आयुष्यात तिच्याशी बोललेलं हे सगळ्यांत मूर्ख वाक्य असेल, आणि स्पर्धा मोठी आहे.

आता हे वकिलांनाच कळेल, पण सांगतो. नोटीस लिहिण्याची एक सवय असते. समोरच्याला पाय ठेवायला जागा ठेवायची नाही. तो जे जे म्हणू शकेल ते आधीच नाकारून टाकायचं, एकेक परिच्छेद करून, खरं काय खोटं काय ह्याचा विचार न करता. बाबल म्हणणार, ही आमची रूढी आहे. म्हणून सहावा परिच्छेद माझ्या बोटांनी आपोआप टाइप केला. सदर मिरवणूक ही कोणतीही पुरातन रूढी नसून अलीकडे काही उपद्रवी इसमांनी सुरू केलेला प्रकार आहे, तसेच सदर पाणंदीतून मिरवणूक नेण्याची कोणतीही वहिवाट नाही. खाली सही. एक प्रत पोलिसांना. ज्या वाटेवर मी माझं सगळं नाव उभं केलं होतं ती वाट मी सात ओळींत नाकारली, आणि मला ते कळलंसुद्धा नाही. नोटीस चांगली वठली म्हणून मी स्वतःवर खूश होतो.

खटला मी भरलाच नाही. महिन्याभरात राग निवला, नोटिशीचा विसर पडला. पण पोलिसांच्या फाइलला विसर पडत नाही. पुढच्या शिमग्याला त्यांनी वाडीला सांगितलं, त्या पाणंदीबद्दल वाद आहे, मिरवणूक हमरस्त्याने न्या. रोंबाट देवळाकडून निघालं, बाजारातून हमरस्त्याला लागलं आणि जेटीकडून वळसा घालून समुद्रावर उतरलं. मी नारळ घेऊन ओटीवर बसलो होतो. ढोल लांबूनच ऐकू आला आणि लांबूनच विझला. सुलभाने तबक उचलून आत नेलं. त्या वर्षी मी पुन्हा निवडून आलो. वाडीतून मतं पडली नाहीत, तरी आलो.

मला वाटलं होतं, एक वर्ष रुसतील. शिमगा गेला तरी कवित्व राहतं म्हणतात, माझ्याकडे कवित्वही उरलं नाही. वर्षं गेली. माझी मुदत संपली, पक्षाने दुसरा माणूस उभा केला, ओटीवरचे बूट कमी होत होत एक दिवस संपले. पाणंदीत निशाण फिरलं नाही, आणि जिथे देव जात नाही तिथे माणसंही हळूहळू कमी जातात. गडग्यांवर घाणेरीची झुडपं चढली. मग एका सकाळी तिथे लोखंडी फाटक होतं आणि फाटकावर पाटी, खासगी मालमत्ता.

वाडीने दावा लावला. माझ्याकडे आले नाहीत. कुडाळची एक तरुण वकीलबाई केली. मीच तिच्याकडे गेलो आणि म्हटलं, मला साक्षीला घ्या, ह्या वाटेचा दावा मीच लढवलाय, माझ्याइतकं कोणाला माहीत नाही. ती खूश झाली. बाबल तिच्या खोलीत बाकावर बसला होता. केस पिकले होते, पेन्सिल कानावर तशीच होती. त्याने माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली. मला त्या एका मान हलवण्याने केवढी उभारी आली होती. ही वाट परत मिळवून दिली की बाबल पुन्हा माझ्यावर गाणं रचील. मला दुसरं काही नको होतं. आजही नको आहे.

कोर्टाची पायरी शहाण्याने चढू नये, आणि चढली तर पिंजऱ्यात तरी उभं राहू नये. सरतपासणीत, आपल्याच बाजूच्या प्रश्नांना, मी छान बोललो. गाणंसुद्धा म्हणून दाखवलं, तिसऱ्या दाराक गडगो नाय. मग हॉटेलवाल्याचे वकील उठले आणि त्यांनी माझ्या हातात एक कागद दिला.

"ही सही आपली?"

"होय."

"परिच्छेद सहा वाचा. मोठ्याने."

मी वाचला. आवाज माझाच होता, टाइपरायटरही माझाच, त्याचा क नेहमी थोडा वर उडायचा, इथेही उडालेला होता.

"हे लिहिलंत तेव्हा आपण खोटं लिहिलंत, की आज कोर्टात खोटं सांगताय?"

हा प्रश्न मी स्वतः शेकडो साक्षीदारांना विचारलाय. त्याला उत्तर नसतं, म्हणूनच तो विचारायचा असतो. मी म्हटलं, "तेव्हा खोटं लिहिलं."

"म्हणजे नगराध्यक्ष असताना आपण सहीनिशी खोटं लिहीत होतात."

न्यायाधीशांनी लिहून घेतलं. वाडीच्या वकीलबाईने डोळे मिटून घेतले होते. निकाल चार महिन्यांनी लागला, पण तो त्याच दुपारी लागला होता, आणि कोर्टातल्या शिपायालासुद्धा ते कळलं होतं. गाणं खोटं होतं तेव्हा मला झोंबलं होतं. ते खरं मी केलं, माझ्या हाताने, एका पैचाही फायदा न घेता. निदान विकली असती तर विकली असं म्हणायला तरी मिळालं असतं.

बाहेर पायऱ्यांखाली रणरणतं ऊन होतं. काळा कोट अंगावर नव्हता तरी मी घामाने निथळत होतो. वाडीतली माणसं माझ्या बाजूने निघून गेली, कोणी वाईट बोललं नाही. शेवटी बाबल आला. मला वाटलं, आता शिव्या देईल. मनातून मी हात जोडून म्हणत होतो, दे. त्याने माझा दंड हलकेच धरला आणि मला भिंतीच्या सावलीत आणलं.

"सायबानू," तो म्हणाला, "उनात उभे ऱ्हवा नको."

इतक्या वर्षांत त्याने मला कधी साहेब म्हटलं नव्हतं.

आता पाट्या घेऊन बायका हमरस्त्याने जातात, मोठा वळसा पडतो, बाजारात पोचेपर्यंत गिऱ्हाईक दुसरीकडून घेऊन गेलेलं असतं. बाबलची बायको गुडघ्यांनी बसली, तिने धंदा सोडला. फाटकाच्या आत हिरवळ आहे, अगदी चित्रातल्यासारखी. संध्याकाळी मी फिरायला निघतो तो फाटकापर्यंत जातो आणि परत येतो. तिथला रखवालदार परमुलखातला आहे, तो मला रोज सलाम करतो. कशाबद्दल, ते त्यालाच माहीत.

यंदा मात्र एक गोष्ट झाली. नळाच्या कामासाठी हमरस्ता खणून ठेवलाय, त्यामुळे रोंबाटाला आमच्या दारावरून जाण्यावाचून दुसरी वाट नाही. हॉटेलच्या फाटकापाशी डावीकडे वळून शाळेच्या मागून ते जेटीला जाणार. हे मला कळलं त्या दिवशी मी लहान मुलासारखा घरभर फिरलो. दुसऱ्या दिवशी काठी घेतली आणि बाबलच्या मांडवात गेलो. तो एका जुन्या होडीच्या फळीला रंधा मारत होता. फणसाच्या लाकडाचा वास सुटला होता.

"बाबल, यंदा आमच्या दारावरसून जातलास मां?"

"जातलंव, सायबानू. रस्तो खणलोहा."

"मगे एक कडवा घाल माझ्यार." मी काठी खाली ठेवली. "कसला पन घाल. गाळी घाल. दोन तोंडाचा सोंग हाड परत."

बाबलने रंधा थांबवला. माझ्याकडे बघितलं, आणि हसला. चांगलं हसला, प्रेमाने.

"तुमका कसल्यो गाळी घालूच्यो ओ? तुमी मोठे मानूस."

मी घरी आलो आणि सुलभाला सांगितलं, येतायत. तिने कालच तबक घासून ठेवलं. सोललेला नारळ, वर शेंडी राखलेली, गुळाची ढेप, कुंकवाची डबी. आज दुपारपासून मी ओटीवर बसलो होतो. स्वच्छ लेंगा, झब्बा. मनात तयारी करून ठेवली होती. काय वाटेल ते म्हणू देत. पाणंदीबद्दल म्हणतील, नोटिशीबद्दल म्हणतील, पिंजऱ्यातल्या त्या दुपारबद्दल म्हणतील. मी दारात उभा राहून हसेन, नारळ देईन, जमलं तर नाचेन.

पाच वाजता ढोल बाजारातून वळला. आधी पोरं धावत आली, मग ताशा, मग सोंगं. शेजारच्या कंपाउंडरच्या दारात थांबले. त्याने खोकल्याच्या औषधात पाणी घातल्याचं गाणं झालं, तो पोट धरधरून हसला, त्याच्या नातवाने नारळ दिला. ढोल इतका जवळ होता की तबकातली डबी थरथरत होती. सुलभा म्हणाली, गूळ थोडो वाटता, आजून हाडतंय, आणि ती आत गेली. मी उठून पायरीवर आलो. एका हाताने खांब धरला होता.

रोंबाट आमच्या दाराशी आलं. पुढे बाबल होता, नातवाच्या खांद्यावर हात ठेवून. त्याने माझ्याकडे बघितलं नाही. त्याने हात वर केला.

ढोल थांबला. ताशा थांबला. सोंगांनी टोप काढून हातात घेतले, आणि सगळे मान खाली घालून माझ्या घरापुढून चालत गेले. पायांखाली आंब्याची वाळलेली पानं वाजत होती. एक पोरगी काहीतरी विचारणार होती, तिच्या आईने तिच्या तोंडावर हात ठेवला. वीसेक पावलं गेल्यावर, शाळेच्या वळणाजवळ, ढोल पुन्हा सुरू झाला.

"ओ," आतून सुलभाने हाक मारली, "ढोल कित्याक थांबलो?"

मी तबक उचललं आणि आत नेऊन तिच्याजवळ ठेवलं.